अपील दाखल झालं, तरी ताब्याचं वॉरंट कसं निघालं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. तालुक्याच्या बाजारपेठेत वडिलांच्या नावाने जुन्या भाड्याचा एक गाळा आहे, भाडं महिना अडीच हजार. मालकाने स्वतःची गरज आणि थकबाकी या दोन कारणांवर दावा लावला. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांनी दावा मंजूर केला: गाळ्याचा ताबा द्या, थकीत भाडं आणि खर्च मिळून सुमारे एक लाख भरा. मुदतीत जिल्हा न्यायालयात अपील दाखल झालं, नंबरही पडला. तरी मालकाने दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावली आणि ताब्याचं वॉरंट निघाल्याचं कळलं. नोटीससुद्धा आली नाही. अपील चालू असताना हे होऊच कसं शकतं, आणि आता काय करायचं?

होऊ शकतं, आणि त्यात कोर्टाने काही जगावेगळं केलेलं नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१ मधला नियम ५ सुरुवातीलाच सांगतो की केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची, म्हणजे निकालानंतर निघालेल्या लेखी आदेशाची, अंमलबजावणी थांबत नाही. अपील कोर्टाने पुरेसं कारण पाहून तसा आदेश केला तरच ती थांबते. निकाल लागला की हुकूमनामा लगेच अमलात आणण्याजोगा असतो. मालक दुसऱ्या दिवशीही दरखास्त लावू शकतो, आणि दहा वर्षांनीही, कारण त्याला बारा वर्षांची मुदत आहे. नोटीस न येण्याचंही कारण आहे. ऑर्डर २१, नियम २२ प्रमाणे दरखास्तीची नोटीस मुख्यतः हुकूमनाम्याला दोन वर्षं उलटून गेल्यावर बंधनकारक असते. त्याआधी लावलेल्या दरखास्तीत थेट ताब्याचं वॉरंट निघू शकतं. म्हणून 'नोटीस येईल तेव्हा बघू' म्हणून बसून राहणारे बहुतेक वेळा बेलीफ, म्हणजे वॉरंट बजावणारा कोर्टाचा कर्मचारी, आल्यावरच जागे होतात.

तुमच्या कागदांत अपिलाचा मेमो आहे, निकालाची नक्कल आहे, पण स्थगितीचा वेगळा अर्ज दिसत नाही. तो दिला असेल आणि फक्त तुम्हाला माहीत नसेल, तर आजच वकिलांना विचारा: अर्ज कोणत्या निशाणीवर (कोर्टाच्या फाइलमधल्या क्रमांकावर) आहे, त्यावर समोरच्याचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवला आहे का, तारीख कधीची आहे. दिलाच नसेल तर उद्या सकाळी पहिलं काम तेच. अपिलाची पुढची तारीख दोन महिन्यांनी असली तरी अडत नाही. वॉरंट निघाल्याची दरखास्तीच्या रोजनाम्याची (तारीखवार कामकाजाच्या नोंदीची) प्रत जोडून अपील बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, तातडीने घेण्याचा अर्ज करता येतो. रोजनामा ई-कोर्ट्सच्या साइटवर दिसतोच.

आता मुख्य गोष्ट, जी अर्ज लिहिताना बहुतेक जण विसरतात. स्थगितीचा अर्ज आला की अपील कोर्टाचे न्यायाधीश 'खालचा निकाल चूक की बरोबर' एवढाच विचार करत नाहीत. त्यांच्या मनातला खरा प्रश्न वेगळा असतो: मी हे थांबवलं आणि शेवटी अपील फेटाळलं गेलं, तर जिंकलेल्या माणसाचं मधल्या काळात जे नुकसान होईल ते कुठून भरून निघणार? तुमच्या अर्जाने याचं उत्तर द्यायला हवं. साक्षीदार क्रमांक दोनने उलटतपासात काय कबूल केलं, याची चौदा परिच्छेदांची कहाणी सांगून शेवटी 'सबब स्थगिती मिळावी' असं लिहिलेले अर्ज रोज येतात. ती कहाणी अपिलाच्या मेमोत आधीच असते. अर्ज हा खरा तर देण्याघेण्याचा प्रस्ताव असतो: मला थांबू द्या, त्या बदल्यात समोरच्याला मी हे हे देतो.

नियम ५ च्या पोटनियम ३ मध्ये तीन अटी आहेत. एक, स्थगिती नाकारली तर अर्जदाराचं भरीव नुकसान होईल. दोन, अर्ज विनाकारण उशिरा आलेला नाही. तीन, पुढे जो हुकूमनामा कायम होईल त्याचं पालन होण्यासाठी अर्जदाराने जामीन किंवा हमी दिली आहे. यातल्या पहिल्या अटीवर सगळे लिहितात, दुसऱ्यावर एक ओळ, आणि तिसऱ्यावर काहीच नाही. माझ्या अनुभवात निकाल फिरतो तो तिसऱ्यावर. अर्जदाराचे वकील उभे राहतात, न्यायाधीश विचारतात, 'डिपॉझिटचं काय?', आणि वकील पक्षकाराकडे वळून बघतात. त्या क्षणी अर्ज अर्धा गेलेला असतो.

भरीव नुकसान म्हणजे काय, ते ताबा आणि पैसा या दोन्हींत वेगळं असतं. गाळा गेला तर धंदा बंद पडतो, शॉप अॅक्टचा पत्ता जातो, गिऱ्हाईक तुटतं. मालकाने तो पाडून नवीन बांधकाम सुरू केलं किंवा तिसऱ्याला दिला तर अपील जिंकूनही हाती फार काही लागत नाही. हे नुकसान कोर्टाला पटतं, मात्र ते तुमच्या बाबतीत कसं घडेल ते लिहा: किती वर्षांचा धंदा, घरात कमावणारे कोण, त्याच बाजारात दुसरा गाळा मिळतो का. एखाद्या विक्रीपत्रकाची प्रत, जीएसटीचं विवरण, विजेची बिलं जोडा. याउलट पैशाच्या हुकूमनाम्यात 'मला लाख रुपये भरावे लागतील' हे सहसा नुकसान मानलं जात नाही, कारण अपील जिंकलात तर पैसे परत मिळतात. ते परत मिळणार नाहीत असं वाटत असेल, म्हणजे समोरचा कफल्लक असेल किंवा परदेशात स्थायिक झाला असेल, तर ते ठोस माहितीसह सांगावं लागतं.

म्हणून तुमच्या प्रकरणातले दोन भाग अर्जात वेगळे ठेवा.

लाखभर रुपयांचा भाग आधी, कारण तो सोपा आहे. १९७६ च्या दुरुस्तीने ऑर्डर ४१, नियम १ मध्ये पोटनियम ३ आला. पैशाच्या हुकूमनाम्यावर अपील असेल तर अपिलातली वादग्रस्त रक्कम कोर्ट देईल त्या मुदतीत भरायची किंवा कोर्टाला योग्य वाटेल तो जामीन द्यायचा. आणि नियम ५ चा पोटनियम ५ सांगतो की हे केलं नाही तर कोर्टाने स्थगिती देऊ नये. शब्द कडक आहेत, पण सर्वोच्च न्यायालयाने त्यांचा अर्थ व्यवहाराने लावला आहे. गुजरातच्या सिहोर नगरपालिकेच्या २००५ मधल्या प्रकरणात न्यायालयाने दोन्ही बाजू सांगितल्या: पैशाच्या हुकूमनाम्याला साधारणतः रक्कम भरल्याशिवाय स्थगिती मिळत नाही, पण कोर्टाचा विवेकाधिकार संपत नाही. आणि रक्कम भरली नाही म्हणून अपीलच फेटाळता येत नाही, फक्त स्थगिती मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने त्याआधीच वेगळ्या प्रकरणात सांगितलं आहे. हा शेवटचा मुद्दा लक्षात ठेवा, कारण 'पैसे नाहीत म्हणजे अपीलही गेलं' अशी भीती पक्षकारांना घालणारे लोक कोर्टाच्या आवारात भेटतात.

रक्कम अजिबात न भरता पैशाच्या हुकूमनाम्याला स्थगिती मिळते का? मिळते, पण विरळा. दिल्लीच्या एका ट्रेडमार्क दाव्यात ॲमेझॉन टेक्नॉलॉजीजविरुद्ध तीनशे कोटींहून जास्त नुकसानभरपाईचा हुकूमनामा झाला होता. त्याला उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने रक्कम न भरून घेता स्थगिती दिली, आणि २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली. तिथला तर्क असा की हुकूमनामा वरवर पाहताच उघड चुकीचा, विकृत म्हणावा इतका सदोष असेल तरच असा अपवाद करता येतो. हा निकाल दाखवून 'आम्हालाही बिनशर्त द्या' असं म्हणणारे अर्ज आता यायला लागले आहेत. लाखभराच्या थकबाकीत त्या वाटेला जाऊ नका. निम्मे पैसे आज आणि उरलेले दोन हप्त्यांत भरतो असं स्वतःहून लिहिलंत तर न्यायाधीश त्यापलीकडे सहसा जात नाहीत.

भरलेले पैसे कोर्टात नुसते पडून राहू देऊ नका. ते राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत गुंतवावेत अशी विनंती त्याच अर्जात करा. आणि एक गोष्ट आधीच समजून घ्या: स्थगितीची अट म्हणून कोर्टात ठेवलेली रक्कम म्हणजे हुकूमनाम्याची फेड नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने १९६८ मध्येच हे स्पष्ट केलं आहे. 'कोर्टात पैसे भरले, आता माझ्यावरचं व्याज थांबलं' असं गृहीत धरू नका.

आता ताब्याचा भाग. इथेच तुमचा खरा खर्च आहे, आणि नऊ-दहा वर्षं अडीच हजारांवर भागलेल्या भाडेकरूला तो धक्का देणारा असतो. २००४ च्या डिसेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने आत्माराम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स हा निकाल दिला. दिल्लीच्या कॅनॉट सर्कसमधली जागा, भाडं महिना ३७१ रुपये ९० पैसे. भाडेकरूविरुद्ध ताब्याचा आदेश झाला, त्याने अपील केलं. अपिलाच्या न्यायाधिकरणाने स्थगिती दिली, पण दरमहा पंधरा हजार रुपये भरायची अट घातली. उच्च न्यायालयाने ती अट काढली, सर्वोच्च न्यायालयाने परत बसवली. कारण असं की ताब्याचा हुकूमनामा झाल्यावर भाडेकरू जो काळ जागा वापरतो, त्याचा मोबदला जुन्या भाड्याने मोजायचं कारण नाही. मालकाला ती जागा आज दुसऱ्याला देऊन जे मिळालं असतं ते धरायचं.

हाच मुद्दा आपल्या राज्यात २००९ मध्ये तीन न्यायाधीशांच्या पीठासमोर गेला, महाराष्ट्र शासन विरुद्ध सुपर मॅक्स इंटरनॅशनल. तिथे भाडेकरू खुद्द शासन होतं, मुंबईतली जागा होती, आणि काही हजारांच्या भाड्याऐवजी उच्च न्यायालयाने दरमहा लाखांच्या घरातली रक्कम भरायला सांगितली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती तत्त्वतः मान्य केली. पण याच निकालात भाडेकरूच्या कामाच्या दोन गोष्टी आहेत, ज्या मालकांचे वकील वाचून दाखवत नाहीत. पहिली: रक्कम वाजवी हवी, अवाच्या सवा किंवा शिक्षा वाटेल अशी नको. दुसरी: मूळ भाड्यापेक्षा जास्तीची रक्कम सहसा मालकाच्या हाती देऊ नये, ती कोर्टात ठेवावी, आणि शेवटी ज्याच्या बाजूने निकाल लागेल त्याला व्याजासह मिळावी. मालकाला आधी काढायचीच असेल तर त्याच्याकडून जामीन घ्यावा.

म्हणजे तुमच्या अर्जाचा गाभा एक आकडा आहे: त्या गाळ्याचं आजचं वाजवी भाडं किती. हा आकडा मालकाला आधी सांगू देऊ नका. तो ढोबळपणे पंचवीस हजार म्हणेल, तुम्ही अडीच हजार म्हणाल, आणि न्यायाधीश मध्यावर बोट ठेवतील. त्यापेक्षा त्याच पेठेतल्या, तेवढ्याच क्षेत्रफळाच्या गाळ्यांचे नोंदणीकृत लिव्ह अँड लायसन्स करार शोधा. दुय्यम निबंधकाकडून किंवा नोंदणी विभागाच्या साइटवरून सूची दोनचे उतारे मिळतात. तळमजल्यावरचा रस्त्याला लागून असलेला गाळा आणि आतल्या बोळातला गाळा यांत दुप्पट फरक असतो, तोही दाखवा. आठ हजारांचा आकडा तीन करारांनी सिद्ध केलात तर पंचवीस हजारांचा दावा टिकत नाही.

माझं स्वतःचं मत विचाराल तर, आत्मारामचं तत्त्व न्याय्य आहे, पण तालुक्याच्या पातळीवर ते कधी कधी डोळे झाकून लावलं जातं. मुंबईतल्या कंपनीला जी अट नुसती खर्चाची बाब असते, तीच अट चहाच्या टपरीवाल्याचं अपील कागदावरच ठेवते. म्हणून तुमची ऐपत किती हे अर्जात प्रामाणिकपणे लिहा, आयकर विवरण किंवा बँकेचं पासबुक जोडा. ऐपत लपवून 'गरीब आहे' म्हणणाऱ्याच्या दुकानाचा फोटो समोरचा वकील मोबाइलवर दाखवतोच.

पैशाबरोबर लेखी हमीपत्र द्या, मागायची वाट बघू नका. त्यात हे असावं: गाळा पोटभाड्याने देणार नाही, तिसऱ्या कोणाचा हक्क निर्माण करणार नाही, बांधकामात फेरफार करणार नाही, अपील फेटाळलं तर ठरावीक आठवड्यांत विनातक्रार रिकामा ताबा देईन. ते फक्त वडिलांचं नको. गाळ्यात बसणारा तुमचा भाऊ, तुम्ही, जे सज्ञान लोक ताब्यात आहेत त्या सगळ्यांच्या सह्या घ्या. उच्च न्यायालयात मुदत मागणाऱ्या भाडेकरूंकडून जे नेहमीचं हमीपत्र घेतात त्यात हे असतंच. अर्जातलं एक वाक्य असं असलं तरी पुरे: 'अपीलदार थकबाकीची संपूर्ण रक्कम चार आठवड्यांत भरण्यास, आणि हुकूमनाम्याच्या तारखेपासून दरमहा दहा तारखेच्या आत मे. कोर्ट ठरवील ती रक्कम जमा करण्यास तयार आहे.'

आणखी एक छोटी पण महागात पडणारी बाब. तुमच्या हुकूमनाम्यात दाव्याच्या तारखेपासून ताबा मिळेपर्यंतच्या नुकसानीची चौकशी करण्याचा आदेश असेल, ज्याला कोर्टात मीन प्रॉफिट्सची चौकशी म्हणतात, तर ती वेगळी चालते. फक्त 'ताब्याची अंमलबजावणी स्थगित' असा आदेश घेतलात तर चौकशी सुरूच राहते आणि वर्षाने एक मोठा आकडा समोर येतो. मागणीत दोन्ही लिहा. वाटपाच्या दाव्यात हेच अंतिम हुकूमनाम्याच्या कामाचं होतं, आणि जमीन शेतीची असेल तर कलम ५४ खाली वाटपाचे कागद जिल्हाधिकाऱ्यांमार्फत तहसीलदारांकडे गेलेले असतात. तिथे स्थगिती कोर्टात मिळते आणि मोजणी शेतात चालू असते. आदेशाची प्रत तहसील कार्यालयात आणि तलाठ्याकडे स्वतः पोचवावी लागते.

मालकाने जिल्हा न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे 'मला ऐकल्याशिवाय आदेश करू नका' असा आगाऊ अर्ज, लावली आहे का, हेही पाहा. कलम १४८अ प्रमाणे ती नव्वद दिवस चालते. कॅव्हेट असेल तर त्याला कळवल्याशिवाय आदेश मिळणार नाही. त्याला प्रत द्या, आणि त्याच्या वकिलाला फोन करून तारीख सांगा. कॅव्हेट नसेल तर तातडीचा तात्पुरता आदेश एकतर्फी मिळू शकतो, पण तोही पोटनियम ३ च्या अटींना धरूनच.

समजा स्थगिती मिळाली. यापुढचे दोन दिवस सगळ्यात धोक्याचे. स्थगितीचा आदेश अंमलबजावणी करणाऱ्या कोर्टाला कळतो तेव्हापासून लागू होतो, जिल्हा न्यायाधीशांनी सही केली तेव्हापासून नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये मुलराज विरुद्ध मूर्ती रघुनाथजी महाराज या प्रकरणात हेच सांगितलं: मनाई हुकूम माणसाला बांधतो, स्थगिती कोर्टाला सांगते, आणि कोर्टाला ती माहीतच नसेल तर त्याने मधल्या काळात केलेलं काम आपोआप बेकायदा ठरत नाही. पुढे १९७६ च्या दुरुस्तीने नियम ५ ला जे स्पष्टीकरण जोडलं, त्यात पक्षकाराला एक मोठी सोय दिली आहे: आदेश झाल्याचं स्वतःच्या माहितीवर आधारलेलं अपीलदाराचं शपथपत्र दिलं, तर अधिकृत आदेश येईपर्यंत खालच्या कोर्टाने त्यावर काम करायचं. वडील सुनावणीला स्वतः हजर असले पाहिजेत, ते यासाठीच. आदेश झाला की तिथल्या तिथे शपथपत्र करायचं, तालुक्याला पोचायचं, दरखास्तीत 'वॉरंट परत मागवा' असा अर्ज शपथपत्रासह द्यायचा, आणि न्यायाधीशांचा आदेश घेऊन नाझरच्या (बेलीफांकडे वॉरंट देणाऱ्या कोर्टाच्या अधिकाऱ्याच्या) टेबलापर्यंत स्वतः जायचं. साइटवरून उतरवलेली आदेशाची प्रत सोबत असू द्या. सही-शिक्क्याची नक्कल नंतर येते.

बेलीफ त्याआधीच पंच आणि कुलूप घेऊन दारात आला तर? मोबाइलवरचा फोटो पाहून वॉरंट थांबवणं हे त्याच्या अधिकारात नाही, म्हणून त्याच्याशी हुज्जत घालू नका. छापील आदेश त्याच्या हातात द्या, त्याच्या अहवालात 'स्थगितीचा आदेश दाखवला' अशी नोंद करायला सांगा, आणि दुसऱ्या माणसाला त्याच वेळी कोर्टात पाठवा. शटर धरून उभं राहू नका. विनाकारण अडथळा केल्याचं कोर्टाला वाटलं तर ऑर्डर २१, नियम ९८ खाली तीस दिवसांपर्यंत दिवाणी तुरुंगाची तरतूद आहे, आणि पुढच्या वेळी बेलीफ पोलीस बंदोबस्त घेऊन येतो. ताबा एकदा गेला की स्थगितीने तो परत येत नाही. मग अपील जिंकून कलम १४४ खाली पूर्वस्थिती मागावी लागते. मात्र स्थगितीचा आदेश झाल्यानंतर ताबा घेतला गेला असेल, तर न्यायासाठी गरज वाटल्यास कोर्ट कलम १५१ खाली तो परत देण्याचा विचार करू शकतं, मग आदेश त्या वेळी खालच्या कोर्टाला माहीत नसला तरी.

दरखास्त चालवणारे न्यायाधीश 'अपील आहे, थोडं थांबू' का म्हणत नाहीत, असंही तुम्ही विचारलं होतं. २०२१ च्या राहुल शहा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितल्या, आणि मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल प्रकरणात देशभरातल्या प्रलंबित दरखास्तींचा हिशेब मागितला. खालच्या कोर्टांवर त्याचा दबाव आहे. फार तर एखादी लहान तारीख मिळेल. मालकाने थकबाकीपोटी तुमची एखादी स्थावर मिळकत लिलावाला लावली तर मात्र ऑर्डर ४१, नियम ६ चा दुसरा पोटनियम उपयोगी पडतो: अपील प्रलंबित असेल तर विक्रीचा आदेश देणाऱ्या कोर्टानेच, तुम्ही अर्ज केल्यावर, योग्य अटींवर लिलाव थांबवायचा असतो. याचा वापर फार कमी होतो, आणि का होत नाही हे मला कधी कळलेलं नाही.

सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठते, हे तुम्हाला कोणीतरी सांगितलं ते २०१८ च्या एशियन रिसर्फेसिंग निकालावरून. घटनापीठाने २९ फेब्रुवारी २०२४ रोजी तो नियम रद्द केला. आता स्थगिती आदेशात लिहिलेल्या मुदतीपर्यंत किंवा पुढील आदेशापर्यंत चालते. पण आदेशातली अट मोडली, म्हणजे एक महिन्याची रक्कम चुकली, तर 'स्थगिती आपोआप रद्द समजावी' असं वाक्य बहुतेक आदेशांत असतं. दहा तारीख रविवारी आली तर आठ तारखेलाच चलन भरा.

अपील विरोधात गेलं तर स्थगिती त्याच दिवशी संपते. भाडे नियंत्रण कायद्यातल्या प्रकरणात पुढे दुसरं अपील नाही, उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज आहे, आणि दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ११५ तेच सांगतं की अर्ज केल्याने काही थांबत नाही. म्हणून जिल्हा न्यायाधीशांनी निकाल वाचताच उभं राहून स्थगिती सहा आठवडे पुढे चालू ठेवण्याची विनंती करा आणि लगेच लेखी अर्ज द्या. खरं तर तुमच्या तालुका कोर्टातही निकालाच्या दिवशी हेच करता आलं असतं. अपिलाची मुदत संपण्याआधी हुकूमनामा करणारं कोर्टसुद्धा नियम ५ च्या पोटनियम २ खाली काही आठवड्यांची स्थगिती देऊ शकतं. इतर दाव्यांत, जिथे दुसरं अपील असतं, तिथे उच्च न्यायालयाने आधी कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न निश्चित केला पाहिजे. त्याशिवाय अंतरिम आदेश देऊ नये असं सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये सांगितलं आहे. अपिलाला उशीर झाला असता तर तुमचं काम आणखी अवघड होतं, कारण विलंब माफीचा प्रश्न सुटून अपील ऐकायला घेण्याचं ठरेपर्यंत ऑर्डर ४१, नियम ३अ स्थगिती देऊ देत नाही. तुम्ही तीस दिवसांत होतात, हे चांगलं झालं.

शेवटचा तुमचा प्रश्न, दरखास्तीत वकीलपत्र द्यायचं की नाही. द्या. 'हजर राहिलो तर मान्य केल्यासारखं होईल' ही भीती निराधार आहे. हजर नसाल तर वॉरंट पुन्हा कधी निघालं, बेलीफला कोणती तारीख दिली, पोलीस मदतीचा अर्ज आला का, यातलं काहीच तुम्हाला कळणार नाही. सोमवारी वकिलांकडे जाताना निकालाची नक्कल, अपिलाचा मेमो, दरखास्तीचा रोजनामा, शेजारच्या गाळ्यांचे करार, वडिलांचं पासबुक आणि पंचवीस-तीस हजारांचा डिमांड ड्राफ्ट घेऊन जा. ड्राफ्ट कोणाच्या नावाने काढायचा ते आधी फोनवर विचारून घ्या. प्रत्येक कोर्टाच्या लेखा विभागाची पद्धत वेगळी असते.